चोकेकिराओची वाट: वाचकांच्या पत्रांना उत्तरं

गेल्या अंकात मी पेरूमधल्या चोकेकिराओबद्दल लिहिलं होतं. कुस्कोच्या पश्चिमेला, आपुरिमाक नदीच्या अतिशय खोल दरीवर, एका डोंगरसोंडेवर वसवलेलं हे इंकांचं ठाणं. तिथवर गाडी जात नाही, रेल्वे जात नाही. खेचरावर बसा नाहीतर चालत जा, तिसरा मार्ग नाही. लेख आल्यावर इतकी पत्रं आली की एकेकाला स्वतंत्र उत्तर लिहिणं शक्य नव्हतं. बरेच प्रश्न सारखे होते, ते एकत्र करून इथे उत्तरं देते आहे. मी ही वाट दोनदा चालले, 2016 साली आणि 2023 साली. जे सांगते आहे ते त्या दोन फेऱ्यांमधून आलेलं आहे.

ताई, आम्ही नवरा-बायको दोघंही पस्तिशीतले, व्यायाम रोजचा. इंका ट्रेलचे, म्हणजे माचू पिचूला चालत जाणाऱ्या प्रसिद्ध वाटेचे, परवाने आमच्या तारखांना संपलेत. कुस्कोमधली एक सहल कंपनी म्हणते की त्याऐवजी चोकेकिराओ करा, तीन दिवसांत जाऊन-येऊन होतं. होईल का?

होईल. पण तीन दिवसांत जाऊ नका, ही माझी कळकळीची विनंती आहे.

2016 साली मीही असंच ऐकून गेले होते. तिकडच्या एका एजंटने कागदावर बाण काढून दाखवले होते: पहिला दिवस उतरण, दुसरा दिवस चढण आणि अवशेष, तिसरा दिवस परत. कागदावर फार सोपं दिसत होतं. प्रत्यक्षात दुसऱ्या दिवशी पहाटे चारला निघून, नदी ओलांडून, अख्खा डोंगर चढून मी अवशेषांपाशी पोचले तेव्हा दुपारचे अडीच वाजले होते. मुख्य चौकात गवतावर बसले. पायांत त्राण नव्हतं. वाटाड्याने विचारलं, खाली लामांच्या पायऱ्या (लामा या तिकडच्या लोकरी जनावराची दगडी चित्रं असलेली पायऱ्यापायऱ्यांची शेतं) बघायच्या का? किती खाली, म्हटलं. त्याने हात खाली, आणखी खाली नेला. मी मान हलवली. साडेचारला आम्ही परत फिरलो. ज्या गोष्टीसाठी पुरातत्त्वज्ञ जगभरातून येतात, ती माझ्यापासून काही शे पायऱ्यांवर होती आणि मी तिला पाठ करून निघाले. ती पाहायला मला सात वर्षांनी परत जावं लागलं.

आता वाटेचा आकार समजून घ्या, म्हणजे हिशोब तुमचा तुम्हीच कराल. काचोरा हे सुरुवातीचं गाव. तिथून अवशेष एकतीस-बत्तीस किलोमीटर. त्यातले पहिले दहा-अकरा किलोमीटर आता गाडीने कापुलियोकपर्यंत जाता येतं, ते चालण्यात शक्ती घालवू नका. कापुलियोक साधारण 2,900 मीटरवर आहे. तिथून नदीवरच्या प्लाया रोसालिनापर्यंत उतरायचं, म्हणजे जवळपास 1,400 मीटर खाली. मग पूल ओलांडून समोरच्या डोंगरावर तेवढंच वर चढायचं, मारांपाता नावाच्या वस्तीपर्यंत. मारांपाताहून अवशेष दीड-दोन तासांवर. आणि येताना हे सगळं उलट. कापुलियोकच्या कड्यावर उभं राहिलं की समोरच्या डोंगरावरची नागमोडी वाट दिसते, एकावर एक रचलेली वळणं. तिथे बऱ्याच जणांचा आवाज बसतो. माझाही बसला होता.

म्हणून पाच दिवस ठेवा. पहिल्या दिवशी कुस्कोहून पहाटे निघून दुपारी कापुलियोक, आणि संध्याकाळपर्यंत उतरून चिकिस्काला मुक्काम. दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आत निघायचं, ऊन चढायच्या आधी पूल ओलांडायचा आणि जमेल तसं मारांपाता गाठायचं. तिसरा अख्खा दिवस अवशेषांचा, रात्र पुन्हा मारांपाताला. चौथ्या दिवशी नदीवर उतरून चिकिस्का. पाचव्या दिवशी पहाटेच्या गारव्यात शेवटची चढण. बहुतेक कंपन्या हे चार दिवसांत बसवतात, तेही चालेल. पण मधला मोकळा दिवस जो कापेल त्याच्याशी करार करू नका.

परवान्याबद्दल: इंका ट्रेलवर दिवसाला 500 माणसांचीच मर्यादा आहे, आणि त्यात वाटाडे, हमाल सगळे आले, म्हणून तो महिनोन्‌महिने आधी भरतो. फेब्रुवारीत तर बंदच असतो. चोकेकिराओला असा कोटा नाही. मारांपाता ओलांडलं की चौकी लागते, तिथेच तिकीट मिळतं. मी परदेशी म्हणून 60 सोल (सोल हे पेरूचं चलन) भरले. रोखच लागतात. सोल कुस्कोतच काढून ठेवा, आणि सुट्टे ठेवा. डोंगरात शंभराच्या नोटेची मोड कुणाकडे नसते.

माझं वय 59. निवृत्त शिक्षिका आहे, चालायची सवय आहे, पण गुडघे पूर्वीसारखे नाहीत. शिवाय विरळ हवेची भीती वाटते. मी हा विचारच सोडून द्यावा का?

बाई, विरळ हवेची भीती चोकेकिराओसाठी बाळगू नका, कुस्कोसाठी बाळगा. हे ऐकून लोक चकित होतात. कुस्को शहर 3,400 मीटरवर आहे आणि या वाटेवरची सगळ्यात उंच जागा, म्हणजे खुद्द अवशेष, साधारण 3,050 मीटरवर. म्हणजे विमानातून उतरल्या क्षणी तुम्ही ट्रेकपेक्षा जास्त उंचीवर असता. डोकं दुखणं, मळमळ, रात्री झोप न लागणं, हे तिकडे ज्याला सोरोचे म्हणतात ते, पहिल्या दोन दिवसांत होतं. म्हणून विमानतळावरून थेट ओयान्तायताम्बोला जा, ते पवित्र दरीत 2,800 मीटरच्या आसपास आहे. दोन रात्री तिथे काढून मग कुस्कोत या. रक्तदाबाच्या किंवा इतर गोळ्या चालू असतील तर निघण्याआधी तुमच्या डॉक्टरांशी बोला, उंचीवरच्या औषधाचंही त्यांनाच विचारा. हॉटेलात कोकाच्या पानांचा चहा मिळतो, तो तिथे प्या. पानं मात्र बॅगेत टाकून भारतात आणू नका, इथे तो गुन्हा आहे.

या वाटेवर तुमची खरी परीक्षा घेतात उतरण आणि ऊन.

उतरण आधी. पहिल्याच दिवशी हजार मीटर खाली उतरायचं म्हणजे प्रत्येक पावलाला गुडघ्यावर झटका. वाट सुकी, भुसभुशीत, वरून बारीक खडी. पाय घसरतो तो अशाच जागी. दोन काठ्या हव्यातच, एक नव्हे. उतरताना त्या थोड्या लांब करून घ्या, पाऊल छोटं टाका, आणि बोटांची नखं आदल्या दिवशी कापा. नखांचं मी मुद्दाम सांगते. 2016 मध्ये माझ्या दोन्ही अंगठ्यांची नखं काळी पडली आणि पुढे गळून गेली, कारण चार तास ती बुटाच्या टोकावर आदळत होती.

आता ऊन. दरीच्या तळाशी कोरडी, तापलेली हवा असते. निवडुंग, काटेरी झुडपं, सावली नावाला. वर मारांपाताला रात्री स्वेटर घालून बसायचं आणि सकाळी खाली नदीवर घामाने न्हायचं, असा प्रकार. अकराच्या पुढे त्या चढणीवर असणं टाळा. पहाटे साडेतीनला उठायची तयारी असेल तर तुमच्या वयाला काही अडचण नाही. मला भेटलेल्या गटात एक सत्तरीची बाई होती, ती सगळ्यांच्या आधी निघायची आणि सगळ्यांच्या नंतर पोचायची, पण पोचायची.

नदीकाठी बारीक चावऱ्या माश्या असतात. केचुआ भाषेत त्यांना पुमा वाकाची म्हणतात, म्हणजे पुमाला रडवणारी. चावताना कळत नाही, संध्याकाळी पाय सुजतात आणि आठवडाभर खाज जात नाही. पूर्ण बाह्या, पूर्ण पँट, मोजे वर ओढलेले. उकडतंय म्हणून अर्धी चड्डी घालून जाणारी तरुण मुलं दुसऱ्या दिवशी माझ्याकडे मलम मागत होती.

गुडघ्यांसाठी खेचराची सोय आहे. काचोरा किंवा कापुलियोकला खेचरवाले मिळतात, त्यांना आर्रिएरो म्हणतात. एक खेचर सामानाला, हवं तर दुसरं बसायला. चढणीवर जरूर बसा, उतरणीवर मात्र पायीच चला, कारण खेचर खाली झुकलं की स्वार थेट दरीकडे बघत असतो. आणि एक नियम पक्का लक्षात ठेवा. समोरून किंवा मागून खेचरं आली की डोंगराच्या बाजूला सरकून भिंतीला पाठ लावून उभं राहायचं. दरीच्या बाजूला कधीही नाही. त्यांच्या पाठीवरच्या गाठोड्याचा नुसता धक्का पुरतो.

2023 मध्ये माझं सामान पालोमा नावाच्या खेचरीवर होतं. पालोमा म्हणजे कबुतर. करड्या रंगाची, डाव्या कानाला चीर गेलेली. तिचा मालक प्रत्येक मुक्कामाला आधी खोगीर काढायचा, खालची घामट घोंगडी उलटी करून दगडावर वाळत घालायचा, तिच्या पाठीवरून हात फिरवून कुठे सोललंय का बघायचा, आणि मगच स्वतः पाणी प्यायचा. असा माणूस मिळाला तर त्याचे पैसे घासाघीस न करता द्या. परतीच्या दिवसाची मजुरीही द्यावी लागते, तुम्ही पुढे माचू पिचूकडे गेलात तरी. त्याला आपलं घर गाठायचंच असतं.

इतकं चालून गेल्यावर तिथे आहे काय? मी वाचलं की माचू पिचूसारखं घोटीव दगडकाम तिथे नाही. मग एवढा अट्टहास कशासाठी?

वाचलंत ते खरं आहे, पण त्यामागचं कारण समजलं की नजर बदलते. माचू पिचूचा डोंगर ग्रॅनाइटचा आहे. तो दगड घासून, ठोकून असा बसवता येतो की सांध्यात पातं शिरू नये. चोकेकिराओचा डोंगर पापुद्रे सुटणाऱ्या शिस्ट दगडाचा. त्याला घोटीव धार येत नाही. म्हणून तिथल्या कारागिरांनी चपटे दगड मातीच्या गिलाव्यात रचले आणि वरून भिंतींना लेप दिला. कुठे कुठे तो लेप अजून टिकून आहे. दारं मात्र पाहा: खालून रुंद, वर निमुळती, आणि महत्त्वाच्या वास्तूंना दुहेरी चौकट, एकात एक. हे कुस्कोच्या राजघराण्याचं लक्षण. भिंतींत वरच्या बाजूला भोक पाडलेले दगड बाहेर आलेले दिसतील, त्यांना छपराचे दोर बांधत. तुम्ही त्या दगडात बोट घाला. आतली कड दोराने झिजून गुळगुळीत झाली आहे असं मला वाटलं. मी बराच वेळ तिथेच उभी होते.

चोकेकिराओ म्हणजे केचुआत सोन्याचा पाळणा. पाळणा हा शब्द तिथल्या जागेला शोभतो. दोन उंचवट्यांच्या मधल्या खोलगट भागात मुख्य चौक आहे, त्याच्याभोवती लांबट सभागृहं, वरच्या अंगाला दुसरा चौक आणि धान्याची कोठारं, आणि दगडी पाटातून वरून आणलेलं पाणी. दक्षिणेच्या टेकडीचा माथा कापून सपाट केला आहे आणि त्याला दगडांचं कडं घातलं आहे. त्यावर उभं राहिलं की तिन्ही बाजूंना दरी. खाली आपुरिमाक दिसते, ऐकू येते. नावाचा अर्थच बोलणारा देव असा आहे. सकाळी दहाच्या सुमाराला दरीतून गरम हवा वर यायला लागली की कंडोर येतात. आम्हाला दोन दिसले, आणि ते आमच्या पायांच्या खाली उडत होते. पक्ष्याची पाठ बघायला मिळणं म्हणजे काय, ते तिथे कळलं.

आणि लामा. मुख्य चौकाच्या पलीकडे, पश्चिमेच्या उतारावर, डोंगराची कड जवळपास उभी आहे. तिथे अरुंद पायऱ्यापायऱ्यांची शेतं आहेत आणि त्यांच्या काळपट भिंतींत पांढरे दगड बसवून लामांची चित्रं केली आहेत. विसाहून जास्त. ती मातीत आणि झाडोऱ्यात दडलेली होती, 2000 नंतरच्या उत्खननात उजेडात आली. इंकांनी पायऱ्यापायऱ्यांची शेतं हजारो बांधली, पण भिंतीत अशी चित्रं घातलेली दुसरी जागा माझ्या पाहण्यात नाही. काही अभ्यासक मानतात की हे काम उत्तरेकडून आणलेल्या चाचापोया कारागिरांचं असावं, कारण भिंतीत दगडांनी नक्षी भरायची त्यांची रीत होती. इंका राजवट जिंकलेल्या लोकांना दूरदूर नेऊन वसवत असे, त्यामुळे हे पटण्यासारखं आहे.

तिथे कसं बघायचं तेही सांगते. चित्रांच्या अगदी जवळून उतरताना पांढरे दगड दिसतात, लामा दिसत नाही. शेवटपर्यंत उतरायचं, मग बाजूच्या उतारावर छोटा कट्टा आहे तिथे जाऊन मागे वळायचं. आणि दुपारी जायचं. उतार पश्चिमेकडे तोंड करून आहे, सकाळी तो सावलीत असतो. तीनच्या पुढे ऊन तिरपं पडलं की एकेक लामा भिंतीतून बाहेर येतो: ताठ मान, उभे कान, चार काटक्यांसारखे पाय, आणि सगळे एकाच दिशेला चाललेले. सगळ्यात वरच्या भिंतीवर नागमोडी रेघ आहे. परत वर यायला मला तास लागला. 2016 मध्ये हेच मी सोडून गेले होते.

तुमच्या पत्रातला एक शब्द मात्र दुरुस्त करते. तुम्ही लिहिलंत की बिंगहॅमने हे शोधलं. हायरम बिंगहॅम हा अमेरिकी संशोधक 1909 साली इथे आला खरा, माचू पिचूला पोचण्याच्या दोन वर्षं आधी, आणि इंकांच्या शेवटच्या राजधानीच्या शोधाचं वेड त्याला त्या फेरीने लावलं. पण तो आला तेव्हा आधी येऊन गेलेल्यांनी दगडी पाट्यांवर कोरलेली नावं तिथे होती, त्यांत 1834 सालचीही होती. आणि दरीतल्या शेतकऱ्यांना ती जागा ठाऊक होतीच, वाट त्यांनीच दाखवली. स्पॅनिशांविरुद्ध 1536 साली उठाव करून राजा मांको इंका ज्या विल्काबाम्बाच्या डोंगरांत शिरला, त्याच मुलखाच्या वेशीवर चोकेकिराओ आहे. ते राज्य 1572 पर्यंत टिकलं. त्या साली शेवटचा इंका राजा तुपाक आमारू याला कुस्कोच्या चौकात मारलं. त्या कड्यावर उभं राहून दरीकडे पाहिलं की फौजेला इथवर यायला इतकी वर्षं का लागली ते पायांना कळतं.

आम्ही शुद्ध शाकाहारी. उपाशी राहायची वेळ येईल का?

नाही. बटाट्याचा हा मूळ मुलूख आहे आणि राजगिऱ्याच्या नात्यातला किनोआही तिथलाच. मारांपाताला काही कुटुंबं राहतात, ती तंबूला जागा देतात आणि सांगितलं तर जेवणही. मला मिळालं ते भाज्यांचं पातळ सूप, भात, तळलेला बटाटा आणि अंडं. अंडं खात नसाल तर आधी सांगा, त्याऐवजी चीज मिळेल.

एक घोटाळा हमखास होतो. तुम्ही सिन कार्ने म्हटलंत, म्हणजे मांस नको, तर ताटात कोंबडी येते. त्यांच्या बोलण्यात कार्ने म्हणजे लाल मांस, कोंबडी त्यात मोजत नाहीत. म्हणून पूर्ण म्हणायचं: सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो. मांस नको, कोंबडी नको, मासा नको. हे तिन्ही शब्द पाठ करून जा. सूप मांसाच्या पाण्यात केलंय का तेही विचारा, कारण बऱ्याचदा असतं.

पाणी उकळून किंवा गोळी टाकूनच प्यायचं, नळाचं दिसलं तरी.

मी 27 वर्षांची आहे. एकटी जाण्याचा विचार आहे, वाटाड्या न घेता. घरचे घाबरलेत.

वाट चुकण्यासारखी नाही. एकच रुळलेली पायवाट आहे, किलोमीटरचे खांब आहेत, आणि मुक्कामाच्या जागांवर माणसं आहेत. मे ते सप्टेंबर या कोरड्या महिन्यांत रोज थोडेफार तरी लोक असतात. त्यामुळे वाटाड्या सक्तीचा नाही आणि अनेक जण त्याच्याविना जातात.

तरीही पूर्ण एकटीने जाऊ नका असंच मी सांगेन. कारण माणसांचं भय नाही, पायाचं आहे. तिथे घोटा मुरगळला तर मदत म्हणजे पुढचं खेचर, आणि ते दोन तासांनी येईल. फोनला बराच वेळ रेंज नसते. किमान खेचरवाला तरी बरोबर घ्या. तो वाट ओळखतो, प्रत्येक घर ओळखतो, आणि संध्याकाळी तुम्ही पोचला नाहीत हे त्याला लगेच कळतं. दुसरा मार्ग म्हणजे काचोऱ्यात एक दिवस थांबून जोडीदार शोधा. मला तिथे दोन अर्जेंटिनी बहिणी भेटल्या आणि आम्ही एकत्र चाललो. घरच्यांना दर दिवसाचा मुक्काम लिहून द्या, आणि कोणत्या दिवशी फोन येईल ते सांगताना एक दिवस जास्तीचा धरा, म्हणजे ते उगीच रात्र जागणार नाहीत.

जानेवारी-फेब्रुवारीत मात्र एकटी काय, गटानेही जाऊ नका. पावसात या डोंगराच्या दरडी कोसळतात. नदीवरचा जुना पूलही पुरातच वाहून गेला होता.

व्हिसा आणि लस याबद्दल थोडक्यात सांगाल का?

भारतीय पासपोर्टवर पेरूचा व्हिसा लागतो. पण तुमच्याकडे अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, ऑस्ट्रेलिया किंवा शेंगेनचा किमान सहा महिने मुदत शिल्लक असलेला व्हिसा किंवा तिथला कायमचा रहिवास असेल, तर 2017 पासून वेगळा व्हिसा लागत नाही. तिकीट काढण्याआधी वकिलातीकडून खात्री करून घ्या.

लसीचं लोक विसरतात. भारताच्या नियमांत पेरू हा पीतज्वराच्या (यलो फीवरच्या) देशांपैकी आहे, त्यामुळे परत येताना लसीचं प्रमाणपत्र जवळ हवं, नाहीतर विमानतळावर अलग ठेवू शकतात. लस निघण्याच्या किमान दहा दिवस आधी घ्यावी लागते आणि ती ठरावीक केंद्रांवरच मिळते, म्हणून महिनाभर आधी वेळ ठरवा.

चोकेकिराओहून चालत थेट माचू पिचूला जाता येतं म्हणे. तुम्ही केलंत का? आम्ही चौघं मित्र, याआधी बरेच ट्रेक केलेत.

2023 मध्ये केलं, एकूण नऊ दिवस. चौघंही खरोखर तयारीचे असाल तर याहून सुंदर वाट मी चाललेली नाही.

पण हे दुप्पट नव्हे, तिप्पट काम आहे. चोकेकिराओच्या मागच्या खिंडीतून पिंचाउनुयोकच्या पायऱ्यांच्या शेतांवरून रिओ ब्लांकोपर्यंत पुन्हा खोल उतरायचं, लगेच मायसालपर्यंत तेवढंच चढायचं. त्या दिवशी मी दोनदा रडले आणि संध्याकाळी मायसालच्या गवतावर समोर बर्फाची शिखरं गुलाबी होताना बघत चहा प्याले. मग चांदीच्या जुन्या खाणींजवळून इंकांची फरसबंदी वाट लागते आणि 4,100 मीटरहून उंच सान हुआन खिंड. पलीकडे यानामा गाव. त्यानंतरची खिंड 4,600 मीटरच्या वर आहे, म्हणजे उंचीचं जे भय मी वर कमी केलं ते इथे पूर्ण लागू. यानामाला आता गाडीरस्ता पोचला आहे, त्यामुळे कुणाची तब्येत बिघडली तर तिथून बाहेर पडता येतं. ही सोय लक्षात ठेवून बेत आखा. शेवटी याक्तापाता नावाच्या अवशेषांवरून माचू पिचू पहिल्यांदा दिसतं, समोरून, दरीपलीकडे. मग जलविद्युत केंद्रापासून रुळांच्या कडेने दोन-तीन तास चालत आगुआस कालिएन्तेस, म्हणजे माचू पिचूच्या पायथ्याचं गाव.

माचू पिचूचं तिकीट तारीख, वेळ आणि फेरीमार्ग ठरवून आधीच काढावं लागतं. नऊ दिवस डोंगरात चालताना तारीख चुकणं सहज शक्य आहे. मध्ये एक रिकामा दिवस ठेवा. मला तो यानामात पावसाने खर्च करावा लागला आणि तरी तिकीट वाया गेलं नाही.

तिथे रोपवे होणार आहे असं ऐकलं. तो झाल्यावरच जावं का? माझ्या आईला चालवत नाही.

रोपवेची चर्चा दहा वर्षांहून जास्त काळ चालू आहे, योजना जाहीर झाली, लांबत गेली. अजून झालेला नाही. या प्रश्नावर माझं मन सरळ नाही, ते तुम्हाला मोकळेपणाने सांगते. तिथली शांतता मला प्रिय आहे. मुख्य चौकात मी तासभर एकटी बसले, माचू पिचूत हे स्वप्नातही घडणार नाही. पण मारांपाताच्या ज्या बाईने मला सूप दिलं, तिला आजारी नातवाला दवाखान्यात न्यायला दोन दिवस लागतात. तिने मला विचारलं, तुम्हाला एकांत आवडतो, पण मिठाची गोणी कोण आणणार? माझ्याकडे उत्तर नव्हतं.

तुमच्या आईसाठी तोवर दुसरं सुचवते. कुस्कोहून काचोऱ्याकडे येताना कुराहुआसी गावाच्या पुढे सायविते नावाची जागा आहे, रस्त्याजवळच. तिथे एक प्रचंड गोल शिळा आहे, तिच्यावर पाण्याचे पाट, पायऱ्या, घरं, माणसं, पुमा, बेडूक, साप, दोनशेहून जास्त आकृत्या कोरलेल्या. एका बाजूने पाणी ओतलं तर ते त्या छोट्या पाटांतून धावावं अशी रचना आहे. आई शिळेभोवती सावकाश एक फेरी मारू शकतील, आणि तुम्ही त्यांना पाण्याचा एखादा पाट वरपासून खालपर्यंत शोधायला सांगा. आम्ही तिथे दीड तास होतो.

मी सहावीत आहे. बाबांनी तुमचा लेख वाचून दाखवला. तिथे खरे लामा पण आहेत का? आणि ओझं न्यायला लामा का नाही, खेचर का?

छान प्रश्न विचारलास. मला त्या अवशेषांपाशी खरा लामा दिसला नाही. पुढे यानामाच्या बाजूला, उंच कुरणांवर दिसले, कानांत रंगीत लोकरीचे गोंडे घातलेले.

लामा पंचवीस-तीस किलोच ओझं नेतो, जास्त झालं की सरळ खाली बसतो आणि उठत नाही. माणसाला तर पाठीवर बसवतच नाही. खेचर त्याच्या दुपटीहून जास्त नेतं. इंकांच्या काळात इथे घोडा नव्हता, गाढव नव्हतं, त्यामुळे खेचरही नव्हतं, ती सगळी स्पॅनिश लोकांबरोबर आली. चोकेकिराओचं धान्य तेव्हा माणसांच्या आणि लामांच्या पाठीवरूनच गेलं असणार. भिंतीत लामांचीच रांग का काढली, हा विचार माझ्याही मनात येतो.

त्या रांगेत एक पिल्लू आहे, आईच्या मागे, अगदी लहान. मला ते सापडेना. पालोमाच्या मालकाने माझी काठी घेऊन लांबून टोक दाखवलं, तरी दिसेना. साडेचारच्या सुमाराला ऊन आणखी खाली आलं आणि आईच्या पायांमागे चार बारके पांढरे दगड वेगळे झाले.